रामघाटावरचा पांढरा कांदा

अप्पा, गेल्या आठवड्यात मी कांदा खाल्ला. चुकून नाही, आणि कुणी फसवलंही नाही. समोर बशीत ठेवलेल्या फोडी एकेक करून उचलल्या, चावल्या, गिळल्या. शेतकी शिकायला जाण्याची परवानगी देताना तुम्ही एकच अट घातली होती, ती मी मोडली. ज्याने अट घातली त्याला ती मोडल्याचं कळवायला हवं, म्हणून लिहायला बसले आहे. तुम्हाला मणिकर्णिकेवर पोचवून इतकी वर्षं झाली की घरातली लहान मंडळी तुम्हाला भिंतीवरच्या फोटोवरूनच ओळखतात. तरी अट तुमची होती, तेव्हा कळवणंही तुम्हालाच आलं.

अट तुम्ही ताटावर बसून घातली होती. मी वाढत होते. आमटीला आईने नेहमीसारखी हिंगाची फोडणी दिलेली आणि वर किसलेलं आलं. "जा तू," तुम्ही म्हणालात. "मुलांत एकटीच मुलगी असशील, असू दे. पण तिथे कांदे-लसूणही शिकवतील. हात लाव, नाक लाव, काय हवं ते कर. या घरात जेवतेस तोवर तोंडात घालायचा नाही. आणि आलीस की खालच्या नळावर हातपाय धुवून, साडी बदलून मग जिना चढ." आई स्वयंपाकघराच्या दारातून म्हणाली, "आणि हिच्याशी लग्न कोण करणार? कांदेवालीशी?" तुम्ही म्हणालात, "जो कांदा खात असेल तो करील," आणि ताकभात मागितलात. आई हसली नाही. पुढे कोणीच केलं नाही, पण त्याचं खापर मी कांद्यावर फोडत नाही. माझ्या तोंडापुढे टिकणारा माणूस तसाही मिळायचा नव्हता.

आपल्याकडे काशीत उतरणारे यजमान आषाढात सांगायचे की तिकडे महाराष्ट्रात चातुर्मास लागण्याआधी कांदेनवमी करतात, कांद्याची भजी, कांद्याचं थालीपीठ, मग चार महिने बंद. लहानपणी मला ते नवल वाटायचं. आपल्या घरात बाराही महिने चातुर्मास. कांदा म्हणजे गल्लीच्या तोंडाशी भाजीच्या टोपलीत दिसायची ती गोष्ट, जिच्याजवळून जाताना आई पदर सावरायची. म्हणून तो वैशाखातला यजमान मला अजून स्पष्ट दिसतो. अलिबागेकडचा शेतकरी, वडिलांच्या अस्थी घेऊन आलेला. यजमान येताना आपल्या जमिनीतलं काहीतरी उपाध्यायासाठी आणतात, कुणी तांदूळ, कुणी नारळ, कुणी गुळाची ढेप. याने पिशवीतून कांद्याची लांबलचक माळ काढली आणि सरळ तुमच्या पायांशी ठेवली. पांढरेशुभ्र, थोडे चपटे कांदे, वाळलेल्या पातीची वेणी घालून गुंफलेले. "भटजीबाबा, आमचे शेतानचा हाय. पयला माल," तो म्हणाला. "गोड हाय. खाताना डोळ्यांना पानी येत नाय."

आईच्या हातातला तांब्या तिथेच थांबला. पाठशाळेचे विद्यार्थी एकमेकांकडे बघायला लागले. तुम्ही मात्र वाकून दोन्ही हातांनी माळ उचललीत, कपाळापर्यंत नेलीत, आणि "शेत कसं आहे? पाऊस बरा झाला का?" असं विचारलंत. तो तासभर शेताबद्दल बोलत बसला. भात काढल्यावर त्याच ओलीवर रोप लावतात, वेण्या कोण घालतं, माळा कुठे टांगतात, सगळं. तुम्ही सगळं ऐकून घेतलंत. तो नदीवर गेल्यावर आई म्हणाली, "आता हे गंगेत सोडा." "अन्न आहे," तुम्ही म्हणालात. माळ बोळात, चपलांच्या वरच्या खुंटीला लागली. तिथून विद्यार्थी नाकाला पंचा लावून जायचे. संध्याकाळी मी कॉलेजातून आले, नळावर पाय धूत होते, तेव्हा तुम्ही स्वतः ती काढून माझ्या हातात दिलीत. "तुझ्या कामाची वस्तू आहे. घेऊन जा तुझ्या शेतात."

मी माळ पिशवीत भरत होते आणि तुम्ही तिथेच उभे. "गोड आहे म्हणाला तो," तुम्ही म्हणालात. "गोड म्हणजे किती गोड गं? उसासारखा? की गाजरासारखा?" मी म्हटलं, "मला काय ठाऊक, अप्पा." तुम्ही माझ्याकडे नीट पाहिलंत. "मग तिकडे शिकतेस काय?" हे तुम्ही रागाने विचारलं नव्हतं, पण मला ते चांगलंच लागलं. अट घालणारेही तुम्हीच आणि असं विचारणारेही तुम्हीच.  मी माळ घेऊन गेले.

त्या माळेतले कांदे मी कार्तिकापर्यंत शेतावरच्या शेडमध्ये टांगून ठेवले आणि मग बियाण्यासाठी लावले. पुढचं सगळं आयुष्य त्यातूनच निघालं म्हणायला हरकत नाही. कांद्याची एक गोष्ट तुम्हाला सांगायची राहिली. त्याचं बी बरणीत भरून निश्चिंत होता येत नाही. बी लवकर मरतं. एका हंगामात बियाण्यापासून कांदा करायचा, दुसऱ्या हंगामात तोच कांदा पुन्हा जमिनीत लावून त्याच्यावर फूल आणायचं, बी धरायचं, आणि पुन्हा पहिल्यापासून. यात खंड पडला की वाण गेला. नोकरी लागल्यावर इथल्या शेतकी संशोधन केंद्रात मी देशभरचे गोड म्हणवले जाणारे कांदे जमवले, पण पहिला वाफा दरवर्षी त्या माळेच्या वंशाचा.

तुम्ही एकदाच शेतावर आलात, फाल्गुनात. कुणाकडे तरी अनुष्ठान होतं, तिथून परस्पर रिक्शाने आला होतात. मी तेव्हा डोक्याला रुमाल बांधून मजुरांवर ओरडत होते. वाफ्यात डेंगळे उभे होते, म्हणजे कांद्याचे फुलाचे दांडे, प्रत्येकाच्या टोकाला पांढरा गोंडा. माझ्या वाफ्यांवर मलमलीचे पिंजरे होते, कारण शेजारच्या लाल कांद्यावरची मधमाशी याच्यावर येऊन बसली तर पुढची पिढी गुलाबी निघते. तुम्ही बांधावर उभे, एका हातात छत्री, दुसऱ्या हाताने उपरणं आवरलेलं. "हे कापड कशाला?" मी सांगितलं. तुम्ही जरा विचार केलात आणि म्हणालात, "म्हणजे यांच्यातही सोवळं आहे." मजुरांना मराठी कळत नव्हती, पण मला हसताना त्यांनी कधी पाहिलं नव्हतं, म्हणून तेही हसले. जाताना तुम्ही एका गोंड्याजवळ नाक नेलंत आणि लगेच मागे घेतलंत. "दिसायला देवाला वाहण्यासारखं आहे," एवढंच बोललात.

आता तुमच्या त्या बोळातल्या प्रश्नाबद्दल. माझ्याकडे दुर्बिणीसारखं एक लहान यंत्र होतं. काचेवर रसाचा थेंब टाकून उजेडाकडे धरलं की आत साखरेचा अंदाज देणारा आकडा दिसतो. सुरुवातीला वाटलं, झालं, उत्तर मिळालं. पण भावनगरकडच्या महुव्याचा पांढरा कांदा आणला, तो कारखान्यात वाळवून भुकटी करण्यासाठी लावतात, घट्ट, आत पाणी थोडं. त्याचा आकडा अलिबागच्या कितीतरी वर. आणि चाखणारे मात्र त्याला तोंडातून थुंकून टाकत. मग कळलं की कांदा गोड लागतो तो साखर जास्त असते म्हणून नव्हे, तर तिखटपणा कमी असतो म्हणून. तिखटपणा गंधकातून येतो, आणि गंधक येतं मातीतून. साखर दोघांतही असते. एकात ती ऐकू येते, दुसऱ्यात येत नाही. हे मी विद्यार्थ्यांना वर्षानुवर्षं शिकवलं. पण चाखायला नेहमी दुसरी माणसं बसवली. ती आत फोडी चाखायची आणि मी बाहेर व्हरांड्यात बसून त्यांचे गुण उतरून घ्यायची. कुणी विचारलंच तर सांगायची, घरची शिस्त आहे. इथल्या माणसांना त्यात काही वावगं वाटलं नाही. काशीत प्रत्येकाच्या घरची काही ना काही शिस्त असते.

इथल्या मजुरांना माझा पांढरा कांदा कधी आवडला नाही, हेही सांगून टाकते. सातूबरोबर, निखाऱ्यावर भाजलेल्या लिट्टीबरोबर त्यांना नाकात जाणारा कांदा लागतो. खुरपणी करणारी म्हातारी दरवर्षी एक खाऊन बघायची आणि दरवर्षी तेच म्हणायची, "ए बहिनजी, ई पियाज नाहीं, फल हौ." मी म्हणायची, "मग फळ म्हणून खा." ती उरलेला अर्धा बकरीला द्यायची.

या महिनाअखेर मी निवृत्त होते. माझ्या जागी गाझीपूरकडचा एक तरुण आला आहे, हुशार, कामाला चोख, बोलायला तोडीस तोड. त्याला वरून हुकूम आहे की वाण निम्मे करा. एवढे पिंजरे, एवढी माणसं पुढे मिळणार नाहीत. त्याने रीतसर चाचणी ठेवली. खुणेचे आकडे लावलेल्या बशा, मधे पाव आणि पाणी, चाखणारे सगळे बाहेरचे. निकाल लागला. कुमठ्याचा कांदा वर आला. तो कारवारकडचा, गुलाबीसर, त्याचेही झुबके बांधून टांगतात. माझा अलिबागचा तळाला, नाशिकच्या लालच्या जवळपास. त्याने कागद माझ्यापुढे ठेवला. "मैडम, इसको हटा दें?"

मला ठाऊक होतं असं होणार. आमच्या शेताची माती चिकण, आणि तिला इतकी वर्षं घातलेल्या सुपरफॉस्फेटात गंधक भरपूर. तो कांदा पिढ्यान्‌पिढ्या तेच पीत आला. म्हणून या पौषात मी आपल्या घाटासमोरच्या पलीकडच्या काठावर, खरबुजं लावणाऱ्या एका मल्लाह, म्हणजे नावाड्याच्या, कुटुंबाकडून दोन वाफे मागून घेतले होते. दरसाल पुरात धुतली जाणारी वाळू, तिच्यात गंधक राहतं कुठे. तेच रोप तिथे लावलं. सुटीच्या दिवशी नावेने जाऊन बघून यायची, खत म्हणून नुसतं शेण. ते कांदे टोपलीतून मी चाचणीच्या दिवशी बरोबर नेले होते. मी त्याला म्हटलं, दोष मातीचा आहे, वाणाचा नाही, हे बघ. तो म्हणाला, "दिखने से क्या होगा? कैसे मान लूँ कि यह मीठा है?" मी म्हटलं, मी सांगते म्हणून. त्याने टोपलीतला एक कांदा उचलून पुन्हा ठेवला. मग अगदी अदबीने म्हणाला, "मैडम, आप तो खाती ही नहीं. आपको कैसे मालूम?"

अप्पा, तुमचंच बोलणं दुसऱ्या भाषेत. मी त्याला रागवू शकले नाही, कारण बरोबर बोलत होता. चाखणारे निघून गेले होते, दुसऱ्या दिवशी कागद वर जायचा होता, आणि तो गेला असता तर येत्या कार्तिकात वाफा रिकामा राहिला असता. तो म्हणाला, "चखकर कहिए. जो कहेंगी, लिख लूँगा." मी म्हटलं, नुसता एक चाखून कसं सांगू, माझ्या जिभेला कांदाच माहीत नाही, सगळे मांड. त्याने सगळे मांडले. खुणा झाकल्या. मी खुर्ची ओढून बसले.

तेव्हा आता तुम्हाला ऐकीव नाही, स्वतःचं सांगते. पाटण्याचा, जो इथे प्रत्येक ठेल्यावर असतो, तो आधी नाकात जातो आणि मग जिभेवर. जिभेला काही कळायच्या आत डोळे भरतात. नाशिकचा लाल तसाच, पण त्याचा जाळ ओसरल्यावर मागे थोडी गोडी उरते, उशिरा आलेल्या पाहुण्यासारखी. महुव्याचा दाताखाली करकरतो, रस नाही, आणि तिखटपणा घशाशी ठाण मांडून बसतो. कुमठ्याचा खरोखर चांगला आहे. तोंडभर गोड, आणि शेवटी एक बारीकसा चिमटा. शेतातला अलिबागचा सुरुवातीला सज्जन वाटला, गिळल्यावर त्याने दगा दिला. तळाचे गुण त्याला योग्यच होते, मीही तेवढेच दिले, आणि खूण उघडल्यावर बदलले नाहीत. मग वाळूतला. आधी नुसतं गार पाणी, जौनपुरी मुळ्याचा आतला गाभा असतो तसं. मग गोडी. गाजरासारखी नाही, गाजराला मातीचा वास असतो. उसासारखी म्हणाल तर बुडख्याकडची नव्हे, शेंड्याकडचं जे कांडं आपण मुलांना द्यायला ठेवतो, तेवढी. डोळ्यांना पाणी आलं नाही. तो शेतकरी खरं बोलला होता.

मी हे असंच्या असं सांगितलं, त्याने लिहून घेतलं. मग स्वतः वाळूतल्याची एक फोड खाल्ली, दुसरी खाल्ली. "इसे नदी किनारे वाले प्लॉट में डालते हैं," तो म्हणाला. "एक चक्र देखेंगे." एक चक्र म्हणजे दोन वर्षं. त्यापुढचं तो आणि त्याची जीभ. त्याने एक अट घातली, की वाणाचं सगळं एका जागी हवं, माझ्याकडे खाजगीत काही राहता कामा नये. मला अट योग्य वाटली.

घरी येऊन नळावर हातपाय धुतले आणि जिन्याखालूनच सांगितलं, कांदा खाल्ला आहे, यापुढे माझं पान घरात वाढू नका. धाकटा भाऊ संध्येला बसला होता, तो उठून आला. आता तोच या घराचा उपाध्याय. "पंचगव्य घे, पंचगंगा घाटावर एक स्नान कर, मोकळी हो," तो म्हणाला. "शास्त्रात सगळ्याची सोय आहे." मी म्हटलं, केल्याचं वाईट वाटत असेल तर प्रायश्चित्त, मला वाटत नाही, मग ते खोटं होईल. भावजय जिन्याच्या वरच्या पायरीवर उभी राहून ऐकत होती. "वन्सं," ती म्हणाली, "तुमचे भाचे लंकेच्या चौकात जाऊन समोसे-चाट खाऊन येतात, त्यात काय असतं हे मी विचारत नाही. तुम्ही तेवढ्या सांगत आलात. वर या, पोळ्या गार होतात." मी वर गेले, पण स्वयंपाकघरात नाही. माझ्या खोलीत स्टोव्ह मांडला आहे. ती रोज एक वाटी आमटी दाराशी ठेवते. मी ती खाते. हे तुमच्या अटीत बसतं की नाही, याचा विचार मी करत नाही. पळवाटा शोधायला लागले असते तर कांदा केव्हाच खाल्ला असता.

धाकटा म्हणतो, अप्पांना सांगायचं असेल तर श्राद्धाच्या दिवशी मनातल्या मनात सांग. मला मनातल्या मनात बोलता येत नाही. हा कागद पेटीत राहील, तुमच्या उपरण्याखाली. पोस्टात टाकण्यासारखा तो नाहीच.

काल सगळं सोपवून आले. तेही नोंदवून ठेवते. अलिबागच्या पांढऱ्याचं यंदाचं बी एक पुडी, कुमठ्याचं एक. वाळूतले पांढरे कांदे, माना वाळवून, निवडून, एक टोपली. मलमलीचे पिंजरे, त्यातला एक फाटका, तसं लिहून दिलं. साखर मोजायचं यंत्र, डबीसकट. शेताच्या फाटकाची किल्ली. त्याने एकेक बघून घेतलं आणि सही केली. टोपलीत चाचणीच्या दिवशी मोजले होते त्याहून दोन कांदे कमी निघाले. "रास्ते में सड़ गए होंगे," तो म्हणाला. सडले नव्हते. ते दोन मी सोपवण्याच्या आदल्या दिवशी, मल्लाहांना त्यांचे वाफे परत देऊन येताना नावेत खाल्ले, मीठ लावून, पोळीबरोबर. त्यात चाचणीचा काही भाग नव्हता.